शेरा : कुलूप

खोली रिकामी आहे. खोटं काऊन बोलू? मागच्या अंगाची आहे, ऊन लागत नाई, रस्त्याचा आवाज नाई. दिवसा झोपणाऱ्या माणसाले याहून चांगली खोली या वस्तीत भेटणार नाई. पण मी देत नाई. चौकातल्या पानठेल्यावर तुमाले सांगितलंच असंन, लटारू म्हातारा लय खडूस आहे, रिकाम्या खोलीले कुलूप लावून बसते. बसतो ना! कोणाच्या बापाचं काय जाते? पण तुमी उन्हातान्हात आले, तं कारण सांगतो. बसा. आधी पाणी प्या, माठातलं आहे. लाइन आता चार वाजेपर्यंत येत नाई. वीज आमच्या जिल्ह्यात बनते अन् लोडशेडिंगही आमच्याच नशिबी, घ्या!

अन् तो मोबाइल जरा पालथा ठेवा. आल्यापासून चारदा पाह्यलं तुमी त्याच्याकडं. नाईट करून आले ना? डोळे पाहा कसे लाल झाले. झोपायचं सोडून खोली शोधून राह्यले, अन् तेवढ्यात साहेबाची रिंग आली तं पळायची तयारी. आमच्या वेळेस हे खिशातलं नव्हतं. आमच्या वेळेस मी होतो.

कॉलमन म्हणत मले. सिमेंटचा कारखाना होता, नाव घेत नाई. आता तो बंद पडला, पत्रेसुद्धा लोकायनं काढून नेले. माझ्याजवळ एक सायकल, तिची घंटी, अन् कॅरिअरले बांधलेली कॉल-बुक. तिथं मोठी भट्टी होती, आडवी, हळूहळू फिरणारी. चोवीस तास फिरली पायजे. तापलेली असताना थांबली तं पोटातून वाकते, मंग तिचं भंगार. भट्टी झोपत नाई म्हणून माणसानंही झोपू नाई, असा तिथला न्याय. काही बिघडलं की साहेब बुकात नाव लिहीत. मी त्या क्वार्टरवर जायचो, घंटी वाजवायचो, हाक मारायचो. माणूस डोळे चोळत येऊन सही करे. सही केली की अर्ध्या तासात गेटवर पायजे. अन् घराले कुलूप असलं तं मी शेऱ्यात लिहायचो, 'कुलूप'. मंग साहेब दुसरा माणूस पाहत.

आमच्या झाडीपट्टीत एक सांगतात, तुमीही ऐकलं असंन. भर दुपारी बारा वाजता कोणी नाव घेऊन हाक मारली तं पहिल्या हाकेले ओ देऊ नाई. जे माणूस नसते ते एकदाच हाक मारते. तीनदा आली तं समजायचं, माणूस आहे. म्हणून मी तीनदाच मारायचो. कॉलनीतल्या पोट्ट्यायलेही माहीत होतं. 'लटारूची तिसरी आली, उठा आता,' असं म्हणून हसत. हसू दे. पण नोकरीच्या बावीस वर्षांत मी तीनच्या खाली हाक मारली नाई. एक दिवस सोडून.

अठ्ठ्याण्णवचा मे महिना होता. देवाजी नावाचा फिटर होता आमच्याकडं. आमच्याच गावचा, मूल तालुक्यातला. त्याची बायको रंभा मले राखी बांधायची. मले सख्खी बहीण नाई, तिले भाऊ नाई. देवाजीचा कान असा की स्क्रूड्रायव्हरचं टोक बेअरिंगले लावायचा, मूठ कानाले, अन् डोळे मिटून सांगायचा, 'हे दुखून राह्यलं.' खोलून पाह्यलं तं तेच निघे! पण गुण असला की मरण आलं. दुसरा माणूस तयार करायची साहेबायले गरजच वाटली नाई. काही झालं की, बोलवा देवाजीले.

त्या हप्त्यात चार दिवसांत सातदा त्याले उठवलं. मीच उठवलं. शेवटच्या वेळेस गेलो तं ताटावर बसल्या बसल्या झोपला होता, घास हातातच. सही करताना पेन खाली घसरत गेला, कागदावरून मांडीवर. मले लय वाईट वाटलं होतं. वाईट वाटून काय करता, पुढच्या क्वार्टरवर गेलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो नाईट करून घरी गेला अन् रंभा मले सायकल स्टँडवर गाठायले आली. पायात चप्पल नाई.

"भाऊ, आज त्याले उठवू नको."

"मी कुठी उठवतो व बाई? साहेब उठवते."

"ते मले नाई माहीत. काल आंघोळ करता करता पडला. झोपेतही हात फिरवते, पान्हा फिरवल्यासारखा. अन् आज काय म्हणते माहीत आहे? म्हणते, रंभा, मी आतून निजलो आहो, बाहेरचा चालून राह्यलो. हे काय बोलणं झालं?"

मी कॅरिअरवरची बुक उगाच आवळून बांधली.

"मी ठरवलं," ती हळूच म्हणाली. "त्याले आत निजवते, बाहेरून कुलूप लावते, अन् किल्ली घेऊन समोर गोकुळाबाईच्या ओट्यावर बसते. तू ये, कुलूप पाह्य अन् कुलूप लिही. तुले खोटंही लिहा लागत नाई."

"वकील व्हायची होती तू!"

"हसू नको. शब्द दे."

मी तिच्या डोक्यावर हात ठेवून शब्द देल्ला. तुहा नवरा आज पोटभर झोपन, म्हणलं. ती रडली नाई, फक्त पदरानं नाक पुसलं अन् गेली.

साडेअकराले भट्टीच्या रोलरची बेअरिंग तापली. सुरेंद्रसाहेबानं बुकात देवाजीचं नाव लिहिलं. मी गेलो. समोरच्या ओट्यावर रंभा अन् गोकुळाबाई तांदूळ निवडून राह्यल्या होत्या. रंभानं माझ्याकडं पाह्यलंही नाई, पण गालात हसली. मी कुलूप ओढून पाह्यलं, घंटी वाजवली, बुक उघडली. पानाची शेवटची ओळ होती. लिहिलं, कुलूप. खाली वेळ. असं सुंदर अक्षर मी आयुष्यात काढलं नसंन. परत येताना सायकल हलकी वाटली.

साहेबानं शेरा वाचला. मले पाह्यलं. बोलणं एकदम गोड.

"लटारू, त्याची बायको समोरच बसून आहे म्हणते बुधू चौकीदार. कुलूप बाहेरून आहे, पण देवाजी आतच असंन ना?"

"माहीत नाई साहेब."

"मी त्याले बोलावून नाई राह्यलो, समजलं ना? झोपू दे बिचाऱ्याले. गडचांदूरहून दुसरा फिटर मागवतो मी. फक्त तो आत आहे का नाई, एवढंच पाहून ये. वरून विचारलं तं मले सांगता आलं पायजे. माझा शब्द आहे."

त्याच टेबलावर, काचेखाली, माझ्या पोराच्या, प्रणितच्या, नोकरीचा अर्ज होता. साहेबानं अर्जाचं नावही काढलं नाई. फक्त पेपरवेट इकडून उचलून तिकडं ठेवला, अर्जावर.

आता तुमी म्हणसान, नाई म्हणायचं होतं. हो, म्हणायचं होतं! पण त्या सायकलवर बसून मी स्वतःले काय समजावलं माहीत आहे? तीन हाका म्हणजे हाक. एक हाक म्हणजे हाकच नाई. एकच मारतो, हळूच. त्यानं काय कोणी उठते? मूलकडचा माणूस पहिल्या हाकेले ओ देतच नाई. म्हणजे शब्दही राह्यला अन् साहेबही राह्यला. असा मी शहाणा.

समोरून गेलो नाई. रंभा दिसली असती. मागच्या गल्लीनं गेलो.

चंद्रपूरची मे महिन्यातली बाराची वेळ तुमाले सांगायले नको. माणूस नाई, कुत्रं नाई, कावळाही पंख पसरून झाडात पडून राह्यते. सगळ्या खिडक्यायले चादरी, कागद, पोती. आत दिवसा झोपणारी माणसं. नुसते कूलर घरघर करत होते अन् ओल्या वाळ्याचा वास येत होता. माझी सावली माझ्या पायाखाली जाऊन बसलेली. देवाजीच्या मागच्या खिडकीले काळं घोंगडं टांगलं होतं, त्याच्या पुढं लोखंडी गज. मी सायकल भिंतीले टेकवली. तोंड गजाजवळ नेलं. अन् म्हणलं,

"देवाजी…"

एकदाच.

तेवढ्यात लाइन गेली. सगळ्या कॉलनीचे कूलर एकदम बंद पडले. इतकं चिडीचूप झालं की मले माझ्या घड्याळाची टिकटिक ऐकू आली. म्हणलं, चला, झोपला आहे. पाय मागं घेतला…

"ओ."

झोपेतला आवाज नव्हता, बापा. अन् पलंगावरून आलेला नव्हता. घोंगड्याच्या अगदी पलीकडून, जसं कोणी तोंड लावून उभंच होतं.

"नाई… नाई गा," मी कुजबुजलो. "झोप तू. तुले बोलावलं नाई."

"आलो."

घोंगडं खालून हललं. गजातून हात बाहेर आला. तळवा वर केलेला, बोटं अर्धी मिटलेली. पेन मागायची त्याची तीच रीत. अन् मी… सवय वाईट असते हो. इतकी वर्ष जो हात पुढं आला त्यात मी पेन ठेवला होता. मी पेन देल्ला. बुक धरली. नवं पान होतं, पहिलीच ओळ. त्यानं सही केली, खाली नेहमीसारखी रेघ ओढली. पेन परत घेताना त्याची बोटं लागली. सत्तेचाळीस डिग्रीत ती बोटं माठाच्या बुडासारखी गार होती.

मी पळालो. मनाशी पक्कं केलं, साहेबाले सांगायचं, कोणी नाई आत, ते पान फाडून टाकायचं. गेटवर आलो तं बुधू चौकीदार म्हणते, "इतका घामाघूम काऊन झाला? देवाजी तं तुह्या आधीच आत गेला."

"कोण?"

"देवाजी. आत्ता गेला ना माह्या समोरून. बोललाही नाई."

भट्टीजवळ गेलो. देवाजी रोलरपाशी वाकून बसला होता, पाठ माझ्याकडं, मूठ कानाले. कोलू हेल्पर बॅटरी धरून उभा होता. भट्टीसमोर उभं राह्यलं की पाच मिनिटांत माणसाचा शर्ट पिळून काढावा लागते. कोलूचा पाण्यात बुडवल्यावाणी झाला होता. देवाजीची पाठ कोरडी. कोलू माझ्या कानाशी आला. "काका, तो पाणी घेत नाई. बोलत नाई. अन् बेअरिंगले हात लावून राह्यला उघडा… मले बॅटरीही धरवत नाई गरमीनं."

मी दोन पावलं पुढं गेलो. म्हणलं, देवाजी, घरी चाल. त्यानं मान वळवली नाई. भट्टीच्या त्या एवढ्या आवाजातही मले त्याचं हळू बोलणं साफ ऐकू आलं.

"एकच मारली ना, लटारूभाऊ?"

मी बुक छातीशी धरली.

"तीनदा मारली असती… तं मी उठलो असतो."

बस, एवढंच. परत मूठ कानाले लावली. तीन वाजता बेअरिंग थंड झाली. भट्टी थांबली नाई. त्याले बाहेर जाताना कोणी पाह्यलं नाई.

साडेतीनले रंभानं कुलूप उघडलं. चहा ठेवून उठवायले गेली. मी सायकलवरून येऊन राह्यलो होतो, तिची किंकाळी मले वळणावर ऐकू आली. देवाजी पलंगावर कुशीवर निजला होता, गुडघे पोटाशी घेऊन, लहान लेकरू निजते तसा. कॉलनीच्या डॉक्टरनं सांगितलं, बाराच्या आसपास गेला, झोपेतच, त्रास नाई झाला. गोकुळाबाई छाती बडवून सांगत होती, आमी दोघी इथीच होतो, कुलूप हललं नाई. अन् रंभा त्याचे हात हातात घेऊन सगळ्यायले दाखवत होती. मनगटापर्यंत काळे. ताजं ग्रीस.

"भाऊ, हात तं मी साबणानं धुऊन त्याले निजवलं होतं," ती मले म्हणे. "तू सांग ना भाऊ, हे कुठचं?"

मी सांगितलं नाई.

संध्याकाळी साहेबानं बुक मागवली. सहीचं पान शांतपणे फाडलं, खिशात घातलं. मागचं पान माझ्यापुढं केलं. "हे तुहंच अक्षर आहे ना? कुलूप. मंग तो ड्यूटीवर आलाच नाई, कंपनीवर काही नाई. संपलं." ज्या शब्दानं मी त्याले वाचवणार होतो, तोच शब्द साहेबानं देवाजीवर माती लोटायले वापरला. कोलूची बदली झाली, बुधूनं तोंड शिवलं. अन् महिन्याभरात प्रणितले नोकरी लागली. कुंपणानंच शेत खाल्लं म्हणतात ना, ते कुंपण मी. साहेबाले शिव्या देतो मी रोज, पण हाक त्याच्या तोंडून नाई निघाली.

रंभा गावी गेली. पण दरवर्षी राखीले यायची, बस बदलून, डब्यात अनारसे घेऊन. राखी बांधताना एकच बोलायची. "भाऊ, साऱ्या कारखान्यात तू एकटा इमानदार निघाला. तू शब्द पाळला. नशीबच खोटं, तू काय करशीन?" अन् मी हात पुढं करायचो. आठ वर्ष केला. केसानं गळा कापणं म्हणजे काय, हे मले विचारा. ज्याचा कापला तोच आपल्या हातात राखी बांधते.

कारखाना बंद पडला तेव्हा ती बुक मी उचलून आणली. टाकवली नाई. मागच्या खोलीत ठेवली. चार-पाच दिवस झाले असतील, दुपारी बाराले शेजारणीनं तिच्या पोराले हाक मारली, श्रावण… अन् मागच्या खोलीतून कोणी म्हणलं, ओ.

बुक काढून इथं आणली. ती पाहा, फळीवर आहे. बुक निघाली, तो नाई निघाला. तेव्हापासून कुलूप.

गेल्या वर्षी राखीले रंभा आली. असंच दुपारचं, अशीच लाइन गेलेली. तुमी बसले तिथंच ती बसली होती. ओवाळलं, राखीची पहिली गाठ मारली, अन् गल्लीतून कोणाची तरी हाक आली. एकच. कोणाले होती कोणजाणे.

"ओ… लटारूभाऊ, आलो."

रंभाची बोटं थांबली. दहा वर्ष ज्याच्या संगं संसार केला त्याचा आवाज बाई विसरन काय? ती कुलपाकडं पाहत राह्यली. मंग माझ्याकडं.

"भाऊ… त्याले हाक तू मारली होती?"

मी मान खाली घातली.

"किती?"

"एक."

ती ओरडली असती तं बरं झालं असतं. शिव्या देल्ल्या असत्या, थोबाडीत मारली असती तं मी तिचे पाय धरले असते. तिनं दुसरी गाठ मारलीच नाई. उठली, खोलीच्या दाराशी गेली, कुलपाले कपाळ टेकवलं अन् आत बोलली, लेकराशी बोलावं तसं. "झोपा आता. कोणी नाई बोलावलं तुमाले. झोपा." लय वेळ तशीच उभी होती. मंग डबा तिथंच सोडून गेली. या वर्षी ती येणार नाई, मले माहीत आहे. ती अंगणात जाईपर्यंत राखी हातावरून गळून पडली, एका गाठीनं काय राह्यते?

म्हणून खोली देत नाई. तुमी थकले माणूस, तिथं पडसान, झोप लागन, अन् कोणी हाक…

वाजला ना तुमचा? एकच रिंग. कटला. मिस-कॉल असंन. राहू द्या… नंबर पाहू नका. थोडं गप बसा…

ऐकलं?

मी नाई बोललो. माझं तोंड तुमच्या समोर आहे. अन् कुलूप पाहा, तसंच आहे, किल्ली ही माझ्या कंबरेच्या करगोट्याले. हाक कोणाची आहे, कोणाले आहे, हे तो आता पाहतच नाई… उठू नका. घाबरू नका. तो काई करत नाई, गरीब माणूस आहे.

ती फळीवरची बुक द्या इकडं. अन् तुमच्या खिशाले पेन आहे ना, तोही द्या. मागं खिडकीवर जाऊन येतो… गजातून हात बाहेर आला असंन. सही केल्याशिवाय तो हात आत घेत नाई.